वळिवड्याच्या छावणींतील पोलिश भगिनी

कोल्हापुराहून मिरजेकडे जाणाऱ्या लोहमार्गावर वळिवडें नांवाचें एक लहानसें स्टेशन आहे. त्याच्या आसपासची वस्ती आज गांधीनगर म्हणून ओळखली जाते, आणि लग्नसराईंत कापडाच्या खरेदीसाठीं आमच्या वाचकांपैकीं कित्येकांनीं तेथें फेऱ्या घातल्या असतील. १९४३ पासून १९४८ पर्यंत त्याच जागीं सुमारें पांच हजार पोलिश लोकांचें एक गांव वसलें होतें. तीं माणसें बहुतेक कॅथोलिक होतीं, आणि त्यांत बायका व मुलेंच फार. कर्ते पुरुष अगदीं थोडे. ही गोष्ट ज्यांच्या कानांवरून गेली आहे तेही बहुधा इतकेंच सांगतात कीं, महायुद्धाच्या काळांत तेथें गोऱ्या मडमांची छावणी होती आणि युद्ध संपल्यावर त्या आपल्या देशीं निघून गेल्या. ह्या सांगण्यांत दोन चुका आहेत. त्या साहेबांच्या मडमा नव्हत्या; आणि त्यांपैकीं फारच थोड्या आपल्या देशीं गेल्या, कारण बहुतेकींना परत जाण्यास देशांतलें घरच उरलें नव्हतें.

ज्युबिलीच्या ह्या स्मरणिकेंत शूर स्त्रियांविषयीं कांहीं लिहावें असा आग्रह झाला तेव्हां झाशी किंवा ऑर्लेआं ह्यांची आठवण होणें साहजिक होतें. परंतु त्या कथा सर्वांस तोंडपाठ आहेत. आमच्याच महाराष्ट्राच्या मातींत पांच वर्षें राहून गेलेल्या, आमच्याच धर्माच्या ह्या स्त्रियांची हकीकत मात्र आमच्यापैकीं फारच थोड्यांनीं वाचली आहे.

१ सप्टेंबर १९३९ रोजीं जर्मनीनें पश्चिमेकडून आणि १७ सप्टेंबरला सोव्हिएत रशियानें पूर्वेकडून पोलंडवर चाल केली, व तें राष्ट्र दोघांनीं वांटून घेतलें. पूर्व भाग रशियाच्या वांट्यास गेला. ह्या भागांत पोलिशांबरोबर युक्रेनी, बेलोरशियन व यहुदी लोकही पिढ्यान् पिढ्या राहत असत. पुढें जें दुःख सांगावयाचें आहे त्यांत त्यांचाही वांटा होता, हें आरंभींच नमूद करणें न्यायाचें होईल. नव्या सत्तेनें प्रथम पुरुषांस उचललें: सैन्यांतील अधिकारी, पोलीस, न्यायाधीश, शिक्षक, धर्मगुरु. मागाहून कुटुंबांची पाळी आली. १९४० च्या फेब्रुवारी, एप्रिल व जून महिन्यांत आणि पुन्हां १९४१ च्या जूनमध्यें, अशा चार खेपांत हीं कुटुंबें रशियाच्या अंतर्भागांत हद्दपार करण्यांत आलीं. सोव्हिएत दप्तरांवरून ही संख्या सव्वातीन लाखांच्या आसपास भरते. पूर्वीचे पोलिश अंदाज ह्याहून कितीतरी मोठे होते. एप्रिलच्या खेपेंत तर बहुतेक बायका व मुलेंच होतीं, कारण त्यांच्या घरचे पुरुष अगोदरच कैदेंत पडले होते.

पद्धत सर्वत्र एकच. अपरात्रीं किंवा पहांटे दारावर धक्के, घराची झडती, आणि सामान बांधण्यास कोठें पंधरा मिनिटें तर कोठें तासभर मुदत. नवरा घरांत नाहीं, मुलें झोपेंतून उठून रडत आहेत, शिपाई बंदूक घेऊन उभा आहे, अशा स्थितींत काय उचलावें हें त्या बाईनें ठरवावयाचें. पुढें कित्येकांचें जगणें-मरणें त्या घटकाभरांत ठरून गेलें. तेथें पैशाला किंमत नव्हती; जाड अंथरूण, लोकरीचा कोट, चादरी, सुई-दोरा, पीठ ह्यांना होती. एकेक कपडा विकून त्याच्या बदल्यांत बटाटे व दूध घेत ह्या बायांनीं पुढचे दोन हिंवाळे काढले. लग्नांतला पोशाख दोन दिवसांच्या दुधास गेला, अशा गोष्टी त्यांच्या आठवणींतून वारंवार येतात.

प्रवास मालगाडीच्या डब्यांतून. दोहों बाजूंस फळ्यांच्या माच्या, मध्यें लोखंडी शेगडी, आणि शौचासाठीं जमिनीस पाडलेलें एक भोंक. फेब्रुवारीच्या खेपेस बाहेर पारा गोठणाऱ्या बिंदूच्या खालीं तीस-चाळीस अंशांपर्यंत उतरला होता. असे दोन-तीन आठवडे. तान्हीं मुलें व म्हातारीं माणसें वाटेंतच गेलीं, आणि त्यांचीं प्रेतें रुळांच्या कडेला बर्फांत ठेवून गाडी पुढें निघत असे. आईस तेथें उतरून दोन शब्द प्रार्थनेचे म्हणण्याइतकीही फुरसत मिळाली नाहीं.

फेब्रुवारींत नेलेल्यांस बहुधा आर्खांगेल्स्क व सायबेरिया येथील जंगलांत लांकूडतोडीस लावलें. एप्रिलमध्यें नेलेल्यांस कझाकस्तानच्या उजाड माळावर. काम जितकें होईल त्या मापानें पाव मिळावयाचा. जो काम करीत नाहीं त्यास जवळजवळ नाहींच. त्यामुळें आईनें झाडें तोडावयाचीं, आणि मोठ्या मुलीनें शाळेऐवजीं रांगेंत उभें राहून पाव आणावयाचा, असा संसार सुरू झाला. माळावर सरपण नाहीं. तेथें शेण व गवताचा भुसा कालवून त्याच्या विटा थापतात व त्या जाळतात. आमच्याकडील बायांस शेणी थापणें कांहीं नवल नाहीं, परंतु वकिलाच्या किंवा कर्नलच्या घरांत वाढलेल्या स्त्रीनें तें कझाक शेजारणीकडून शिकून घेतलें व त्यावर आपल्या मुलांचा हिंवाळा काढला. ह्या कझाक लोकांविषयीं पोलिश स्त्रियांच्या आठवणींत बहुतकरून चांगलेंच लिहिलेलें आढळतें. तेही गरीब, तेही त्याच सत्तेखालीं भरडलेले.

त्या प्रदेशांत धर्मगुरु नव्हता, देऊळ नव्हतें, मिस्सा नव्हती. धर्मगुरु ह्या नात्यानें आम्हांस ह्या प्रकरणांतील सर्वांत विचार करावयास लावणारी गोष्ट हीच वाटते. दोन वर्षेंपर्यंत संस्कारांवांचून राहिलेल्या ह्या लोकांत ख्रिस्तसभा जी टिकली ती आयांच्या व आज्यांच्या जपमाळेवर टिकली. दिवसभर मजुरी करून रात्रीं त्या मुलांस प्रश्नोत्तरी व पोलिश भाषेचें व्याकरण शिकवीत. कोणी मेलें तर कबरीपाशीं प्रार्थना त्याच म्हणत. मे महिन्यांत पवित्र मरियेचीं गीतें दारें लावून गात. नाताळच्या आदल्या सायंकाळीं पोलिश कुटुंबांत ओस्तीसारखी एक पातळ पांढरी पोळी मोडून एकमेकांस देण्याची चाल आहे. तेथें त्या पोळीच्या जागीं काळ्या पावाचा तुकडा आला, आणि तो मोडण्यापूर्वीं कित्येक आयांनीं आठ-आठ दिवस आपल्या वांट्यांतून वाचवून ठेवलेला असे. सर्वच जणी अशा होत्या असें आम्ही म्हणत नाहीं. भुकेनें माणसें चोरीसही प्रवृत्त झालीं, देवावर रुसलींही. ह्या स्त्रियांनींच आपल्या आठवणींत तें झांकून ठेवलेलें नाहीं.

२२ जून १९४१ रोजीं जर्मनीनें रशियावरच हल्ला केला आणि पारडें फिरलें. रशियास आतां मित्र हवे होते. ३० जुलै रोजीं लंडनमधील पोलिश सरकाराशीं करार झाला आणि १२ ऑगस्टला हद्दपार झालेल्या पोलिश नागरिकांस 'माफी' जाहीर झाली. अपराध कोणता व माफी कसली, हें विचारण्याच्या स्थितींत कोणी नव्हतें. मॉस्कोच्या लुब्यांका तुरुंगांतून सुटलेल्या जनरल अँडर्सच्या हाताखालीं रशियाच्या भूमीवरच पोलिश सैन्य उभें राहणार, अशी वार्ता जंगलांतून आणि माळांतून पसरली. मग जो उठेल तो दक्षिणेकडे निघाला. कोणी तराफ्यावर, कोणी मालगाडींत, कोणी पायीं, हजारों मैल. वाटेंत मेलेल्यांची गणती कोणी ठेविली नाहीं.

व्होल्गेच्या पलीकडे बुझुलुक येथें सैन्याचें मुख्य ठाणें व जवळच तोत्स्कोए येथें छावणी पडली. भर हिंवाळ्यांत माणसें तंबूंत राहत. तेथें पुरुषांच्या मागोमाग बायकाही येऊन उभ्या राहूं लागल्या, आणि १९४१ च्या शरदृतूंत स्त्रियांचें साहाय्यक दल स्थापन झालें. त्याच्या पोलिश नांवाच्या आद्याक्षरांवरून ह्या स्त्रियांस 'पेस्त्की' म्हणूं लागले; पोलिश भाषेंत ह्या शब्दाचा अर्थ फळांतल्या बिया असा होतो. चेष्टेंतून आलेलें नांव त्यांनीं पुढें अभिमानानें मिरविलें.

ह्या मुली केवळ देशभक्तीनें भरती झाल्या असें लिहिणें सोपें आहे, आणि तें खोटेंही नाहीं. परंतु तें पुरतें खरें नव्हे. सैन्यांत शिरलेल्या माणसास शिधा मिळे, आणि सैनिकाच्या कुटुंबास त्या देशांतून बाहेर पडण्याची आशा असे. अठरा वर्षांची मुलगी आपल्या मापाच्या दुप्पट मोठा पुरुषी कोट घालून रांगेंत उभी राही, तेव्हां तिच्या पाठीमागें छावणीच्या कुंपणाबाहेर तिची आई व लहान भावंडें तिच्या पावाच्या तुकड्याची वाट पाहत असत. तो पाव वांटून खाल्ला जात असे. ह्यामुळें तिची देशसेवा कमी प्रतीची ठरते असें ज्यास वाटेल त्यानें एक हिंवाळा तसा काढून पाहावा.

१९४२ च्या आरंभीं हें सैन्य उझबेकिस्तानच्या उष्ण प्रदेशांत हलविण्यांत आलें. तेथें थंडी सरली आणि टायफस, आमांश व हिंवताप आले. दलांतील बहुतेक मुलींस शुश्रूषेचें शिक्षण असें नव्हतेंच. उवांनीं भरलेल्या रोग्यांचे कपडे उकळणें, त्यांस पाणी पाजणें आणि मेलेल्यांस बाहेर नेणें हेंच शिक्षण झालें. कित्येक जणी त्याच रोगानें तेथेंच पुरल्या गेल्या. ह्यानंतर त्यांनीं लढाईच्या आघाड्या पाहिल्या, परंतु सर्वांत अधिक माणसें आपण त्या वसंत ऋतूंत गमावलीं, असें वांचलेल्यांचें म्हणणें असे.

मार्चमध्यें रशियानें कळविलें कीं, शिधा ४४,००० माणसांपुरताच मिळेल. जीं जास्त होतीं त्यांनीं उपाशी मरावें किंवा देश सोडावा असा ह्याचा अर्थ. इंग्रजांस सैनिक हवे होते. बायकामुलांचा भार त्यांस फारसा नको होता. परंतु जनरल अँडर्सनें कुटुंबेंही बरोबर काढलीं, आणि ह्या एका निर्णयासाठीं पोलिश आयांनीं त्यास जन्मभर दुवा दिला. मार्च-एप्रिल व ऑगस्ट १९४२ अशा दोन खेपांत कास्पियन समुद्रावरील क्रास्नोवोद्स्क बंदरांतून इराणच्या पहलवी बंदरास (आजचें अंझली) सुमारें १,१५,००० माणसें पोहोंचलीं. त्यांत सुमारें ३७,००० नागरिक. हद्दपार झालेल्यांचा मोठा भाग मागेंच राहिला. ज्यांस वेळेवर वार्ता कळली नाहीं किंवा ज्यांच्या अंगांत स्टेशनपर्यंत चालण्याचें त्राण नव्हतें, त्यांच्यासाठीं दार पुन्हां उघडलें नाहीं.

पहलवीच्या वाळूवर उतरलेल्यांचे कपडे जाळले, सर्वांचीं डोकीं भादरलीं, गरम पाण्यानें स्नान घातलें. त्या काळच्या छायाचित्रांत मुंडण केलेल्या बायकांकडे पाहून त्यांचें वय ओळखवत नाहीं. तेथें अन्न भरपूर मिळालें आणि त्यानेंच अनेकांचा घात केला. दोन वर्षें उपाशी राहिलेल्या पोटास मटण व चरबी सोसली नाहीं. एकट्या तेहरानच्या दुलाब दफनभूमींत एकोणीसशेंहून अधिक पोलिश कबरी आहेत. मृत्यूच्या दाढेंतून बाहेर येऊन पहिल्या पोटभर जेवणानें मरावें, ह्याहून कठीण काय असेल?

येथें वाटा फुटल्या. गणवेषांतील मुली सैन्याबरोबर इराक, पॅलेस्टाईन व ईजिप्तकडे गेल्या. आया व लहान मुलें इराण, पूर्व आफ्रिका, हिंदुस्थान आणि दूर मेक्सिकोपर्यंत पांगलीं. अशी तुटलेली कुटुंबें हजारों होतीं.

सैन्यांत गेलेल्यांचें थोडक्यांत सांगतों. ज्या मुली लहान होत्या त्यांच्यासाठीं पॅलेस्टाईनमध्यें शाळा निघाली, आणि ती कोठें, तर नाझरेथ गांवीं. शिस्त सैनिकी, अभ्यास पोलंडचा, आणि खिडकीबाहेर पवित्र कुटुंबाचें गांव. मोठ्या मुली परिचारिका, कारकून, तारायंत्रावरील सेविका झाल्या. आणि दोन तुकड्या, क्रमांक ३१६ व ३१७, अवजड मालट्रक चालविणाऱ्या स्त्रियांच्या झाल्या. १९४४ मध्यें पोलिश सैन्य इटलींत उतरलें तेव्हां ह्या तुकड्यांनीं आघाडीकडे दारुगोळा, पेट्रोल व अन्न पोहोंचविलें. संत बेनेदिक्तानें सहाव्या शतकांत स्थापिलेला मोंटे कासिनोचा मठ त्याच डोंगरावर; फेब्रुवारींत दोस्तांच्या बाँबनीं तो उद्ध्वस्त झालेला, व त्याच्या ढिगाऱ्यांत जर्मन ठाण मांडून बसलेले. ११ मे रोजीं पोलिश सैन्यानें चढाई सुरू केली, ती परतविली गेली, पुन्हां केली, आणि १८ मे १९४४ रोजीं मठाच्या अवशेषांवर पोलिश निशाण चढलें. तेथील पोलिश दफनभूमींत हजारावर कबरी आहेत. पुढें जुलैमध्यें आंकोना व १९४५ च्या एप्रिलमध्यें बोलोन्या, अशी ती मोहीम चालली.

ह्याच सैन्याच्या एका दारुगोळ्याच्या तुकडीनें एक अस्वल पाळलें होतें. त्या अस्वलाचें नांव आज जगभर झालें आहे, त्याचा पुतळा एडिंबरोसारख्या शहरांत उभा आहे, मुलांसाठीं त्याच्यावर पुस्तकें निघतात. अस्वलाविषयीं आमची कांहीं तक्रार नाहीं. परंतु त्याच रस्त्यांवरून ट्रक हांकणाऱ्या मुलींविषयीं विचारलें तर विद्वानही क्षणभर थबकतात.

आतां आमच्याकडे वळूं. हिंदुस्थानास पहिल्या आल्या त्या अनाथ मुलांच्या तुकड्या. १९४२ च्या वसंतांत अश्काबादहून मशहद व क्वेट्टा ह्या मार्गानें मोटारींतून व पुढें रेल्वेनें तीं मुलें मुंबईस पोहोंचलीं. त्यांच्याबरोबर हांका ओर्दोनुव्हना ही बाई होती. ही वॉर्सा शहराची लाडकी गायिका व चित्रपटांतील नटी. रशियन छावणींतून सुटली तेव्हां क्षयानें पोखरलेली. स्वतःच्या प्रकृतीची पर्वा न करितां तिनें अनाथ मुलें गोळा करण्याचें काम अंगावर घेतलें. १९५० मध्यें बैरूट येथें ती वारली, परंतु त्यापूर्वीं त्या भटक्या मुलांची कहाणी तिनें पुस्तकरूपानें लिहून ठेविली. मुंबईंत पोलिश वकिलाच्या पत्नी कीरा बानासिन्स्का ह्यांनीं रेडक्रॉसच्या वतीनें ह्या मुलांची सोय लावली. कांहीं काळ तीं वांद्रें येथें राहिलीं आणि मग जामनगरचे जामसाहेब दिग्विजयसिंहजी ह्यांनीं बालाचडी येथें दिलेल्या छावणींत गेलीं. जामसाहेबांचें हें औदार्य सर्वश्रुत आहे, म्हणून त्याविषयीं अधिक लिहीत नाहीं. कीराबाई युद्धानंतरही हिंदुस्थानांतच राहिल्या व शंभरी ओलांडून २००२ मध्यें वारल्या.

कोल्हापूर संस्थानांतील वळिवड्याची छावणी जून १९४३ मध्यें भरूं लागली. कराचीच्या तात्पुरत्या छावण्यांतून कुटुंबें येऊं लागलीं. लांबच लांब बराकींच्या रांगा, त्यांवर कौलें, चटयांच्या भिंती, प्रत्येक कुटुंबास दोन लहान खोल्या व पुढें ओसरी. दरमहा ठराविक रक्कम मिळे व बाई आपला स्वयंपाक आपण करी. ही शेवटली गोष्ट क्षुल्लक दिसते. परंतु जिनें तीन वर्षें मापून दिलेला पाव खाल्ला आहे, तिला बाजारांत जाऊन स्वतःच्या पसंतीनें वांगीं-बटाटे आणावयास मिळणें व आपल्या चुलीवर आपल्या हातानें शिजविणें, ह्यांत औषधाहून अधिक गुण होता. छावणीच्या डॉक्टरांनीं हिंवतापास क्विनीन दिलें, क्षयाची शंका असलेल्यांस पांचगणीच्या हवेवर पाठविलें. पण घर चालविण्यास मिळालें ह्यानें बायका पुन्हां माणसांत आल्या. त्यांनीं ओसरीपुढें फुलझाडें लाविलीं. मातीच्या त्या चौकोनाकडे पाहून येणाऱ्या-जाणाऱ्यास मडमांचा थाट वाटला असेल.

ह्या ठिकाणीं एक गोष्ट लपवून ठेवणें बरें नव्हे. १९४३ हेंच वर्ष बंगालच्या दुष्काळाचें. ज्या सरकारास कलकत्त्याच्या रस्त्यांवर मरणारीं माणसें वांचवितां आलीं नाहींत त्याच सरकारच्या देखरेखीखालीं पोलिश छावणीस मात्र वेळेवर दाणा मिळत होता. त्याचा खर्च लंडनमधील पोलिश सरकारच्या खातीं पडे हें खरें, तरी रेशनच्या रांगेंतील आमच्या माणसास तो फरक सलला असल्यास त्यास दोष देतां येत नाहीं. तो दोष त्या बायांचाही नव्हता. भूक काय असते हें जाणणारीं माणसें त्या कुंपणाच्या दोन्ही बाजूंस होतीं, आणि भाषेच्या अभावीं त्यांस तें एकमेकांस सांगतां आलें नाहीं.

छावणींत देऊळ झालें. प्राथमिक शाळा झाल्या, त्यांवर हायस्कूल व पुढील वर्ग झाले; शिकविणाऱ्या बहुतेक स्त्रियाच. मुलांचें शिक्षण दोन-तीन वर्षें बुडालेलें. चौदा वर्षांचा मुलगा दहा वर्षांच्या मुलांशेजारीं बसे. पुस्तकें थोडीं, म्हणून बाईंनीं फळ्यावर लिहावें व मुलांनीं उतरून घ्यावें. बालवीर व वीरबाला पथकें, गायनवृंद, नाटकें, सणावारीं मिरवणुका, सर्व कांहीं होतें. पोलंडमधील एखादें खेडें उचलून पंचगंगेच्या खोऱ्यांत ठेवावें तसें. रशियांत ज्यांनीं चोरून प्रश्नोत्तरी शिकविली होती त्या आयांनीं येथें आपल्या मुलांचें पहिलें कम्युनियन उघड्यावर, घंटेच्या नादांत पाहिलें.

परंतु दर रविवारीं त्या देवळांत गुडघे टेकणाऱ्या कांहीं स्त्रियांची स्थिति कोणत्याही धर्मगुरूस अडचणींत टाकणारी होती. एप्रिल १९४० च्या खेपेंत हद्दपार झालेल्या बायकांचे पति सैन्याधिकारी किंवा पोलीस होते, व रशियन कैदेंत होते. त्यांचीं पत्रें १९४० च्या वसंतापर्यंत येत होतीं. मग एकाएकीं बंद पडलीं. एप्रिल १९४३ मध्यें कातिनच्या जंगलांत अधिकाऱ्यांचीं प्रेतें सांपडल्याची बातमी जर्मनांनीं दिली. रशियानें दोष जर्मनांवर ढकलला, दोस्त राष्ट्रांनीं तोंड फिरविलें, आणि वळिवड्याची छावणी त्यानंतर दोनच महिन्यांनीं सुरू झाली. आज आपणांस माहीत आहे कीं, ५ मार्च १९४० च्या सोव्हिएत हुकुमानें सुमारें २२,००० पोलिश कैदी ठार मारण्यांत आले. परंतु रशियानें तें कबूल केलें १९९० मध्यें. पन्नास वर्षें! तोपर्यंत ह्या बायका विधवा कीं सधवा? पतीसाठीं मृतांची मिस्सा द्यावी कीं तो सुखरूप परत यावा म्हणून नोव्हेना करावी? दुसऱ्याशीं विवाह करूं इच्छिणारीस धर्मगुरूनें काय सांगावें? सेमिनरींत आम्हांस ह्या विषयावरील नियम शिकविले होते; मृत्यूचा पुरावा हवा, साक्षी हवेत. ज्या मृत्यूचे साक्षी मारणारेच होते त्याचा पुरावा आणावा कोठून? अशा स्थितींत ज्या स्त्रियांनीं शाळेचा तास चुकविला नाहीं, मुलाच्या सदऱ्यास इस्त्री केली, आणि जपमाळेच्या शेवटीं एक प्रार्थना 'जिवंत असेल तर' व एक 'मेला असेल तर' अशा मनानें म्हटली असेल, त्यांना काय म्हणावें तें आम्हांस सुचत नाहीं.

मे १९४४ मध्यें मोंटे कासिनोची बातमी आली. छावणींतील कित्येकींचे पति, भाऊ, मुलगे आणि पेस्त्की झालेल्या मुली त्याच सैन्यांत होत्या. विजयाच्या आनंदाबरोबर मृतांच्या याद्याही आल्या. आणि ज्यासाठीं ते मेले तें त्यांच्या हातीं लागलें नाहीं. फेब्रुवारी १९४५ मध्यें याल्टा येथें तिघां बड्या राष्ट्रांनीं पूर्व पोलंड रशियास देऊन टाकला. वळिवड्यांतील बहुतेकांचीं घरें त्याच भागांत. जुलैमध्यें इंग्लंडनें लंडनमधील पोलिश सरकारची मान्यता काढून घेतली. युद्ध जिंकलेल्या पक्षांत असूनही ह्या स्त्रिया निराधार ठरल्या. ज्या सत्तेनें त्यांना रात्रीं घराबाहेर काढलें तिच्याच अंमलाखालीं परत जा, असें आतां त्यांस सांगण्यांत येऊं लागलें. थोड्या गेल्या. बहुतेकींनीं नकार दिला, व वाट पाहिली.

ही वाट पाहण्याचीं तीन वर्षें, आमच्या मतें, त्यांच्या धैर्याची सर्वांत कठीण परीक्षा होय. भुकेशीं झगडतांना मनुष्यास विचार करण्यास वेळ नसतो. येथें वेळच वेळ होता. तरी शाळा चालूच राहिल्या, परीक्षा झाल्या, मोठ्या मुलींनीं टंकलेखन, शिवणकाम, शुश्रूषा शिकून घेतली, कारण पुढें कोणत्या देशांत पोट भरावें लागेल ह्याचा नेम नव्हता. छावणी हलकेंहलकें रिकामी होत गेली आणि १९४८ च्या आरंभीं शेवटलीं कुटुंबें गेलीं. ज्यांचीं माणसें अँडर्सच्या सैन्यांत होतीं त्यांस इंग्लंडनें ठेवून घेतलें. तेथें पत्र्याच्या अर्धगोल बराकींत पुन्हां छावणीच होती. पहलवीच्या वाळूवर गणवेषांतल्या मुलीचा निरोप घेतलेल्या आईस तिची भेट तेथें पांच-सहा वर्षांनीं झाली. दुसरीं कित्येक कुटुंबें आफ्रिकेंतील छावण्यांत, आणि तेथून पुढें ऑस्ट्रेलिया, कॅनडा, अमेरिका येथें गेलीं. कांहीं मुलींनीं हिंदुस्थानांतच विवाह केले. त्यांपैकीं एक कोल्हापुरांतच मराठी घरची सून होऊन राहिली व म्हातारी झाली.

मोकळ्या झालेल्या बराकींत फाळणीनंतर सिंधमधून आलेलीं निर्वासित कुटुंबें राहावयास आलीं, आणि वळिवड्याच्या छावणीचें गांधीनगर झालें. तीही कथा मोठी आहे. ती तेथील मंडळींनींच लिहावी.

छावणींत वाढलेल्या मुलांनीं पुढें इंग्लंडांत आपली एक संस्था काढली व हिंदुस्थानांतील आठवणींचा मोठा ग्रंथ प्रसिद्ध केला. १९९८ मध्यें कोल्हापूरच्या महावीर उद्यानांत त्यांचा स्मृतिस्तंभ उभा राहिला, २०१७ मध्यें वॉर्सा शहरांत कोल्हापूरच्या नांवाचें स्मारक झालें, आणि २०१९ मध्यें वळिवड्यासही एक झालें. कोल्हापूरच्या ख्रिस्ती दफनभूमींत छावणीच्या काळांत मेलेल्या पोलिश लोकांच्या कबरी आहेत. नोव्हेंबर महिन्यांत मृतांच्या स्मरणार्थ आमच्या धर्मग्रामांतील कोणी त्या बाजूस जाणार असेल तर त्यानें तेथें एक मेणबत्ती लावावी. गांधीनगराहून तें फार दूर नाहीं.